डाव मांडतो कोण?

पत्त्यांचा डाव मांडायचा झाला म्हणजे बुलढाणा जिल्ह्यातील जानेफळसारख्या गावी पूर्वी पहिला प्रश्न पडे तो ‘भिडू कोण?’ हा. सुगी आटोपलेली आणि हाताला काम नाही, अशा दुपारी देवळाच्या ओट्यावर किंवा पारावर चौघे जमत आणि मेंढीकोट, तीनशेचार किंवा रमी यांचा फड रंगे. समोर बसलेला कोण, त्याची ऐपत किती, तो सरळ खेळतो की रडीचा डाव खेळतो, हे सारे एकमेकांस ठाऊक असे. पैसे लावून खेळणारेही होते आणि त्यापायी घरे बुडाली, हेही खरे. परंतु बुडविणाऱ्याला नाव होते, गाव होते आणि दुसऱ्या दिवशी त्याच गावाला त्याला तोंड दाखवावे लागत होते.

आज मेहकर तालुक्यातील या जानेफळचा तरुण मोबाइलच्या काचेला बोट लावतो आणि काही क्षणांत भिडू हजर होतो. तो जबलपूरचा की जपानचा, नवशिका की मुरलेला, किंबहुना माणूस की यंत्र, हे त्या तरुणाला कळत नाही. ते कळते एकट्या कंपनीला. पत्त्यांविषयी, जुगाराविषयी आणि तरुण पिढीच्या अधोगतीविषयी गेल्या काही वर्षांत आपल्याकडे उदंड बोलले गेले. पण भिडू शोधून देणारा आणि डाव जुळवून देणारा जो हा अदृश्य हात आहे, त्याविषयी कोणी चकार शब्द काढीत नाही. आमच्या मते खरा प्रश्न तेथेच आहे.

जुलै २०२५ मधील प्रकरण वाचकांना आठवत असेल. तत्कालीन कृषिमंत्री माणिकराव कोकाटे यांच्या मोबाइलवर, विधान परिषदेचे कामकाज चालू असताना, रमीचा डाव दिसत असल्याची चित्रफीत प्रसिद्ध झाली आणि महाराष्ट्रात एकच गदारोळ उठला. आपण खेळत नव्हतो, पडद्यावर आलेला तो खेळ दूर सारीत होतो, असा खुलासा त्यांनी केला. महिनाअखेरीस त्यांच्याकडील कृषी खाते गेले आणि क्रीडा खाते आले! या सगळ्या गदारोळात मंत्र्यांच्या हातात पाने होती की नव्हती याचा खल झाला. पाने वाटणाऱ्याचे नाव कोणी घेतले नाही.

पुढच्याच महिन्यात केंद्र सरकारने मात्र हालचाल केली. ऑनलाइन खेळांविषयीचे विधेयक २० ऑगस्ट २०२५ रोजी लोकसभेत आणि २१ ऑगस्टला राज्यसभेत संमत झाले. २२ ऑगस्टला त्यावर राष्ट्रपतींची मोहोर उमटली. सुमारे पंचेचाळीस कोटी लोकांना पैशाच्या ऑनलाइन खेळांची झळ लागली आणि त्यांत वीस हजार कोटी रुपयांहून अधिक रक्कम बुडाली, असा सरकारचाच अंदाज होता. या कायद्याने खेळ कौशल्याचा की नशिबाचा हा जुना वाद बाजूला सारला. पैसे लावून, पैसे मिळविण्याच्या आशेने खेळला जाणारा प्रत्येक ऑनलाइन खेळ निषिद्ध ठरविला. असा खेळ चालविणाऱ्यास तीन वर्षांपर्यंत कारावास किंवा एक कोटी रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही, आणि त्याची जाहिरात करणाऱ्यास दोन वर्षांपर्यंत कारावास किंवा पन्नास लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही, अशा शिक्षा त्यात आहेत. खेळणाऱ्याला शिक्षा नाही. तो गुन्हेगार नसून भक्ष्य आहे, ही दृष्टी त्यामागे आहे आणि ती योग्यच आहे.

ही दृष्टी नवीन आहे असेही नाही. आपल्याकडील १८८७ च्या जुगार प्रतिबंधक कायद्याने केवळ कौशल्याच्या खेळाला मोकळीक दिली होती आणि रोख धरला होता तो अड्डा चालविणाऱ्यावर. सिकंदराबादच्या एका क्लबावर १९६३ मध्ये पोलिसांनी छापा घातला आणि ते प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. रमीत पडलेली पाने ध्यानात ठेवावी लागतात, कोणते पान राखावे आणि कोणते टाकावे याला अक्कल लागते, म्हणून तो मुख्यतः कौशल्याचा खेळ होय, असा निर्णय न्यायालयाने नोव्हेंबर १९६७ मध्ये दिला. या निर्णयाचा हवाला रमीच्या कंपन्या पुढे अर्धशतक उलटून गेल्यावरही देत राहिल्या. परंतु त्याच निर्णयात न्यायालयाने दिलेला एक इशारा त्यांनी सोयीस्करपणे दृष्टीआड केला. पैसे लावून चाललेल्या डावातून जागेचा मालक किंवा क्लब स्वतः नफा काढीत असल्याचे सिद्ध झाले, तर गुन्हा शाबीत होऊ शकेल, असा तो इशारा होता. अड्ड्यावर प्रत्येक डावामागे अड्डेवाला जो हिस्सा कापून घेतो त्याला आपल्याकडे ‘नाल’ म्हणतात. पाने कशी पडतात यापेक्षा नाल कोण घेतो, हे पाहावे, हा शहाणपणा आपल्या न्यायसंस्थेला तेव्हाही होता.

मग आता पैशाच्या खेळांना बंदी झाली म्हणजे प्रश्न मिटला काय? आम्हांला तसे वाटत नाही. नव्या कायद्याने दोन प्रकारांना मोकळीक दिली आहे: एक स्पर्धात्मक ई-खेळ आणि दुसरा निव्वळ करमणुकीचे, समाजात मिळूनमिसळून खेळावयाचे खेळ. या दुसऱ्या प्रकारात संग्राह्य पत्त्यांचे खेळ मोडू शकतात. रिचर्ड गारफील्ड या गणितज्ञाने १९९३ मध्ये अमेरिकेत ‘मॅजिक’ नावाचा खेळ काढला आणि ही नवी जात जन्मास आली. यात सर्वांची पाने एकसारखी नसतात. बंद पाकिटे विकत घ्यावयाची, आत निघतील ती पाने जमवावयाची, इतरांशी त्यांची अदलाबदल करावयाची आणि त्यांतून स्वतःचा जोड बांधून प्रतिस्पर्ध्याशी भिडावयाचे. पुढे हे खेळ संगणकावर आणि तेथून मोबाइलवर आले. जपानी पोकेमॉनच्या पत्त्यांचा मोबाइलवरील नवा अवतार २०२४ च्या ऑक्टोबरात आला.

या खेळांना आम्ही सरसकट दोष देत नाही. पत्ता ही काही पापाची पुडी नव्हे. दहा रंगांची, प्रत्येकी बारा पानांची, एकूण १२० पानांची दशावतारी गंजिफा सावंतवाडीच्या कारागिरांनी आजही जिवंत ठेवली आहे; खेळ आणि कला यांचे नाते त्यात दिसते. शिवाय खेड्यातील मुलाच्या दृष्टीने या जुळणीचा एक मोठा लाभ आहे. असल्या पत्त्यांचे जोड बाळगणारी मंडळी पुण्या-मुंबईच्या एखाद्या दुकानात टेबलाभोवती जमतील. जानेफळला ती कोठून येणार? पारावर त्याला भिडू मिळाला नसता. मोबाइलने तो मिळवून दिला, आणि तोही त्याच्या तोडीचा. हे उपकार नाकारण्यात अर्थ नाही.

हा तोडीचा भिडू कसा मिळतो, ते मात्र समजून घेतले पाहिजे. हंगेरीत जन्मलेले अमेरिकन प्राध्यापक अर्पाद एलो यांनी बुद्धिबळासाठी गुणांकनाची एक पद्धत बसविली आणि जागतिक बुद्धिबळ महासंघाने ती १९७० मध्ये स्वीकारली. बलवानाला हरविले तर गुण अधिक, दुबळ्याला हरविले तर कमी. दोघांत चारशे गुणांचे अंतर असेल तर अकरा डावांत दहांची सरशी बलवानाकडे जावी, असा तिचा हिशेब. आजच्या खेळांतील जुळणी याच विचाराची वंशज आहे. खेळाडूने कळ दाबली की यंत्र त्याच्या गुणांजवळचा दुसरा कोणी ताटकळत आहे काय ते पाहते. न मिळाल्यास क्षणाक्षणाला आपले जाळे रुंदावत नेते आणि अखेर दोघांना एका टेबलावर बसविते. हिशेब सचोटीचा असेल तर खेळाडू सुमारे निम्मे डाव जिंकतो आणि निम्मे हरतो. कितीही सुधारला तरी पुढे तितकाच सुधारलेला भिडू येतो.

बुद्धिबळाच्या जोड्या लावण्याचे नियम छापलेले असतात आणि पंच उघड्यावर बसलेला असतो. मोबाइलवरील पंच मात्र दुकानदारच असतो! सलग तीन डाव हरलेला मुलगा खेळ सोडून जाईल असे दिसले, तर त्याला चौथा भिडू मुद्दाम दुबळा देता येतो. त्याला एखादे महागडे पान विकावयाचे असेल, तर तेच पान बाळगणारा बलाढ्य भिडू त्याच्यासमोर बसविता येतो. ही आमची कविकल्पना नव्हे. खेळाडूला खरेदीकडे वळविता येईल अशा रीतीने प्रतिस्पर्धी जुळविण्याच्या पद्धतीचे पेटंट ॲक्टिव्हिजन या अमेरिकन कंपनीला २०१७ मध्ये मिळाले होते. ती पद्धत आपण कोणत्याही खेळात वापरलेली नाही, असे कंपनीने त्या वेळी सांगितले. ते मान्य केले तरी, ती कल्पना कागदावर आली होती आणि तिची किंमत ओळखली गेली होती, एवढे तर उघडच आहे.

दुसरे उदाहरण यंत्राच्या भिडूचे. २०२२ मध्ये आलेल्या ‘मार्व्हल स्नॅप’ या पत्त्यांच्या खेळात यंत्रभिडू बसविले जातात, हे तो घडविणाऱ्यांनीच मान्य केले आहे. आणि समोरचा भिडू यंत्र आहे, हे खेळणाऱ्याला डावाच्या वेळी सांगितले जात नाही. करमणुकीच्या खेळात ही लबाडी फार तर खोटी शाबासकी ठरेल. पण पैशाच्या खेळात? नोव्हेंबर २०२५ मध्ये अंमलबजावणी संचालनालयाने एका खेळ-कंपनीवर असाच आरोप ठेवला, की पैसे लावणाऱ्या ग्राहकांना त्यांच्या नकळत माणसांऐवजी संगणकाच्या प्रणालीशी खेळविले गेले. आरोप म्हणजे निकाल नव्हे, आणि निवाडा न्यायालयानेच करावयाचा आहे. तथापि असा आरोप करता येतो आणि वर्षानुवर्षे खेळणाऱ्याला तो पडताळण्याचे कोणतेच साधन नसते, ही स्थितीच मुळी लोकशाहीला लाजिरवाणी नाही काय?

बंद पाकिटांचीही तीच कथा. पाकिटात कोणते पान निघेल हे नशीब ठरविते आणि ते नशीब किती पातळ केले आहे हे कंपनी ठरविते. हे ओळखून जपानने २०१२ मध्ये, सोडतीने निघणारी ठरावीक पाने जमवून संच पुरा केल्यास दुर्मीळ बक्षीस देण्याची पद्धत बेकायदा मानली. चीनने २०१७ पासून प्रत्येक वस्तू निघण्याची शक्यता जाहीर करणे सक्तीचे केले. बेल्जियमच्या जुगार आयोगाने २०१८ मध्ये काही खेळांतील अशा पेट्या जुगाराच्या कक्षेत आणल्या. तीन देश, तीन राज्यपद्धती. पण बंद पाकिटामागे काय दडले आहे ते पाहण्याचा अधिकार तिघांनीही सोडला नाही.

आमच्याकडे मात्र दोनच सूर ऐकू येतात. एक पक्ष म्हणतो, सगळे खेळ बंद करा. दुसरा म्हणतो, हे नवे उद्योगधंदे आहेत, त्यांच्या वाटेस जाऊ नका. पहिल्याला एवढेच सांगावेसे वाटते की, बंदीने कंपन्यांची दारे लागली तरी परदेशांतून चालणाऱ्या सट्टेबाजीच्या खिडक्या उघड्याच राहतात आणि सरकारला त्या एकामागून एक बंद कराव्या लागतात. दुसऱ्याला आम्ही विचारतो, तराजू तपासल्याने व्यापार बुडतो काय? गावच्या बाजारातील वजनमापांवर शिक्का मारण्यास निरीक्षक येतो, तेव्हा सचोटीचा दुकानदार घाबरत नाही. मग मोबाइलवरील या अदृश्य तराजूलाच शिक्क्याची माफी कशासाठी?

नव्या कायद्यात ऑनलाइन खेळांसाठी प्राधिकरणाची तरतूद आहे. कोणता खेळ पैशाचा आणि कोणता करमणुकीचा एवढी वर्गवारी करून त्याने स्वस्थ बसू नये. समोरचा भिडू यंत्र असेल तर पडद्यावर तसे ठळकपणे, खेळाडूच्या भाषेत, म्हणजे जानेफळच्या मुलाला मराठीत, सांगण्याची सक्ती त्याने करावी. भिडू कोणत्या निकषांवर निवडला जातो हे प्रसिद्ध करावयास लावावे आणि खरेदीचा किंवा खर्चाचा हिशेब त्या निकषांत मिसळण्यास साफ मनाई करावी. पाकिटातील प्रत्येक पान निघण्याची शक्यता छापून घ्यावी आणि अल्पवयीनांच्या खर्चाला मर्यादा घालावी. या साऱ्याची तपासणी कंपनीच्या शब्दावर न सोडता स्वतंत्र हिशेबनिसांकडे द्यावी. यांपैकी एकही गोष्ट अशक्य नाही. जे यंत्र काही क्षणांत लाखो खेळाडूंतून एक भिडू निवडू शकते, त्याला तो का निवडला हे सांगणे जड जाऊ नये.

पश्चिम विदर्भातील शेतकऱ्याला न दिसणाऱ्या हाताने वाटलेल्या पानांचा अनुभव पुरेसा आहे. पाऊस त्याच्या हाती नाही, सोयाबीन-कापसाचा भाव त्याच्या हाती नाही. त्याच्या मुलाने दिवसाकाठी घटकाभर विरंगुळा म्हणून दोन डाव खेळावेत, यात कोणाचे काही बिघडत नाही. पण तो डाव तरी सरळ असावा, एवढी हमी मागण्याचा त्याला हक्क आहे. हरणे-जिंकणे हा खेळाचा धर्मच आहे आणि हरल्याचे दुःख सोसण्याची ताकद आमच्या खेड्यांत भरपूर आहे. परंतु कोणाकडून हरलो हेही ज्याला कळू दिले जात नाही, तो खेळाडू राहत नाही, गिऱ्हाईक होतो. सरकारने जुगाराचा अड्डा बंद केला, हे चांगले केले. आता उरलेल्या डावांतील पाने वाटणारा हात त्याने उजेडात आणावा.