पिराचा नकार

बेलवाडीचे गोल रिंगण मागे टाकून तुकोबारायांची पालखी निमगाव केतकीत मुक्कामाला येते, तेव्हा हे पानमळ्यांचे गाव रात्रभर जागे असते. शेवरीवर चढलेल्या पानवेलींच्या कडेकडेने राहुट्या पडतात, चुली पेटतात, घरोघरची पिठलं-भाकरी दिंड्यांकडे निघते. पुढचा मुक्काम इंदापूर. वारीच्या बातम्यांत या दोन गावांच्या वाट्याला बहुधा दोन ओळी येतात. या वर्षी आम्हाला त्यापेक्षा थोडे अधिक लिहायचे आहे.

हीच पालखी देहूतून निघाली, की पहिली थांबते ती अनगडशाह बाबांच्या दर्ग्यापाशी. तिथे अभंग होतो, आरती होते आणि मगच ती आकुर्डीच्या वाटेला लागते. एका फकिराच्या दारातून निघालेली वारी इंदापुरात येते, आणि इंदापूर म्हणजे शिवछत्रपतींचे आजोबा मालोजीराजे जिथे लढाईत पडले ते ठिकाण. मालोजीराजांना मूल होत नव्हते, तेव्हा त्यांनी अहमदनगरच्या शाहशरीफ या सूफी साधूला नवस केला आणि झालेल्या दोन मुलांना त्याच पिराचे नाव वाटून दिले, असे परंपरा सांगते. थोरले शहाजी, धाकटे शरीफजी. शरीफजी 1624 साली भातवडीच्या रणात कामी आले. शहाजीराजांचे पुढे काय झाले, हे महाराष्ट्राला सांगायला नको.

आज सूफी पंथाचे नाव देशाच्या राजकारणात वारंवार घेतले जाते. 2016 च्या मार्चमध्ये दिल्लीच्या विज्ञान भवनात जागतिक सूफी परिषद भरली आणि पंतप्रधानांनी तिथे भाषण केले. अजमेरच्या उरुसाला पंतप्रधानांची चादर जाते, मग पक्ष कुठलाही असो. निवडणूक आली, की गावोगावच्या दर्ग्यांत उमेदवारांची रीघ लागते. चादरीला आमची हरकत नाही, श्रद्धेने जो जाईल त्याने जावे. पण दर्ग्याचा राजकारणाशी संबंध म्हणजे एवढेच, अशी जी समजूत होऊन बसली आहे, ती या मातीतल्या इतिहासाला धरून नाही. इथले पीर राज्यकर्त्यांना आशीर्वाद देत, तसे वेळ आली की तोंडावर नाहीही म्हणत. त्यांच्या शब्दाला वजन होते ते त्या नकारामुळे.

याचा सगळ्यात मोठा दाखला दौलताबादचा आहे. मुहम्मद तुघलकाने 1327 च्या सुमारास दिल्लीची माणसे दौलताबादला हलवली, त्या लोंढ्यात दिल्लीचे सूफी संत निजामुद्दीन अवलिया यांचे शिष्य बुऱ्हाणुद्दीन गरीब दख्खनेत आले. त्यांच्यानंतर जैनुद्दीन शिराझी गादीवर बसले. पुढे तुघलकांचा दख्खनेतला अंमल संपून बहामनी राज्य उभे राहिले. दुसरा बहामनी सुलतान महंमदशाह याने राज्यातल्या सर्व पिरांकडून निष्ठेची शपथ मागितली. बाकीच्यांनी दिली. जैनुद्दीनांनी दिली नाही. उघड दारू पिणाऱ्या राजाला कसला मुजरा, असे त्यांचे म्हणणे. पुढे दौलताबादेत बंड झाले, ते मोडले, बंडवाले जीव मुठीत धरून जैनुद्दीनांकडे आले, तेव्हा त्यांनी बायकामुलांसह लगोलग गुजरातेत निघून जाण्याचा सल्ला दिला. सुलतानाचा राग आता अनावर झाला. त्याने पिराला शहर सोडून जाण्याचा हुकूम दिला.

यानंतरचा प्रसंग इतिहासकार फिरिश्त्याने लिहून ठेवला आहे. जैनुद्दीनांनी नमाजाची चटई खांद्यावर टाकली आणि ते आपल्या गुरूच्या कबरीपाशी गेले. तिथे काठी जमिनीत रोवली, चटई अंथरली, वर बसले आणि म्हणाले, आता मला इथून उठवणारा कोण आहे तो येऊ दे. हाताशी फौज नाही, मागे जहागीर नाही, गर्दी जमवलेली नाही. सुलतान वरमला. त्याने समेटाचा निरोप धाडला, तेव्हा पिराने स्वतःसाठी काही मागितले नाही. राज्यातली दारूची दुकाने बंद करा, असे मागितले, आणि ती बंद झाली. जैनुद्दीन 1369 मध्ये गेले, त्यांचा दर्गा खुलदाबादेत आहे. साडेतीनशे वर्षांनी सगळ्या हिंदुस्थानावर हुकूम चालवणाऱ्या औरंगजेबाने आपल्याला त्यांच्या शेजारी पुरावे, अशी इच्छा ठेवली.

मालोजीराजांचे गुरू श्रीगोंद्याचे शेख महंमद महाराज यांची गोष्ट इतकी सरळ नाही, आणि आम्हाला ती म्हणूनच अधिक मोलाची वाटते. ते मूळचे बीडकडच्या वाहिरे गावचे, कादरी या सूफी परंपरेतले, चांद बोधले यांचे शिष्य. मालोजीराजांनी त्यांना श्रीगोंद्यात आणले, मठ बांधून दिला, जमीन दिली, असे सांगतात. म्हणजे इथे पिराने राज्यकर्त्याचे घेतले आहे. पण मिंधेपणा आला का? अठरा प्रसंगांचा त्यांचा ‘योगसंग्राम’ हा ग्रंथ उघडून पाहावा. देवापुढे बकरी कापणाऱ्यांवर त्यांनी कोरडे ओढले, शिष्यांच्या जिवावर पोट भरणाऱ्या गुरूंना झोडपले आणि ढोंगी पीर-फकिरांनाही सोडले नाही. जन्म मुसलमान घरातला, ग्रंथ मराठी ओवीतला, भक्ती विठ्ठलाची. रा. चिं. ढेरे यांनी मुसलमान मराठी संतकवींवर जे मोलाचे काम केले, त्यामुळे ही परंपरा आपल्या पिढीपर्यंत पोचली. शिवरायांनी पाठवलेला नजराणा तुकोबांनी परत केल्याची आठवण वारकरी ज्या अभिमानाने सांगतात, तोच बाणा थोड्या वेगळ्या रीतीने श्रीगोंद्यात दिसतो.

पीर स्वतःच राजकारणात उतरला, तर काय होते? सिंधचे पीर पगारो, सिबगतुल्लाह शाह, यांनी इंग्रजांशी वैर धरले. 1930 मध्ये त्यांना अटक झाली आणि शिक्षेचा काही काळ त्यांनी आपल्या रत्नागिरीच्या तुरुंगात काढला. सुटून गेल्यावर त्यांच्या हूर अनुयायांनी बंड पुकारले, सिंधमध्ये लष्करी कायदा लागला आणि 20 मार्च 1943 रोजी त्यांना हैदराबाद-सिंधच्या तुरुंगात फाशी झाली. कबर कुठे आहे, हे सरकारने कळू दिले नाही. फाळणीनंतर गादी मुलाला परत मिळाली आणि पाकिस्तानच्या राजकारणात ती एका पक्षाची गादी झाली. मुरीद, म्हणजे पिराचे शिष्य, मतदार झाले. अफगाणिस्तानात नक्शबंदी या सूफी परंपरेच्या घराण्यातले सिबगतुल्लाह मुजद्दिदी यांनी 1992 मध्ये दोन महिने राष्ट्राध्यक्षपद सांभाळले आणि ठरल्या मुदतीला ते सोडले. काबूलमध्ये तोफा डागल्या जात असताना खुर्ची अशी सोडणारा माणूस त्या देशाने क्वचितच पाहिला. त्यांची आठवण इथेही ठेवली पाहिजे.

आणि आपल्याकडे आज काय चालले आहे? श्रीगोंद्यात शेख महंमद महाराजांचे स्थान समाधिमंदिर की दर्गा, हा वाद गेल्या काही वर्षांत रस्त्यावर आला. मोर्चे निघाले, बंद पाळले गेले, पुढारी दोन्ही बाजूंनी आले. विश्वस्तांचा प्रश्न न्यायालयाने आणि धर्मादाय यंत्रणेने सोडवावा, त्यावर आम्ही बोलणार नाही. पण ज्या माणसाने दोन्हीकडच्या ढोंगावर सारखाच आसूड ओढला, त्याला कुठल्या तरी एका रकान्यात कोंबण्यासाठी आपण भांडावे, याचे आम्हाला मनापासून दुःख होते. त्या गर्दीतल्या किती जणांनी ‘योगसंग्राम’चे एक पान तरी वाचले असेल? श्रीगोंद्याच्या शाळांत तो वाचला जात नाही, इंदापूर-बारामतीकडेही नाही.

इंदापुरात मालोजीराजांची गढी आहे आणि त्याच गावात चाँदशाहवली बाबांचा दर्गाही आहे. गढीच्या संवर्धनाची मागणी जुनी आहे आणि ती रास्त आहे. ते काम करताना तिथे मालोजीराजांच्या चरित्राची पाटी लागेलच. तिच्यावर शाहशरीफ आणि शेख महंमद ही दोन नावे स्पष्ट अक्षरांत असावीत, शहाजी आणि शरीफजी ही नावे कुठून आली हे लिहिलेले असावे, आणि तालुक्याच्या वाचनालयात ‘योगसंग्राम’ची छापील प्रत ठेवावी. पुढच्या आषाढीला पालखी येईपर्यंत एवढे काम सहज होण्यासारखे आहे.