गोष्टींचे रफूगार



एक व्यवसाय कल्पनेत आणून पाहा. गवंडी पडकी भिंत नीट करतो, तसा एक माणूस गोष्टी नीट करतो. ज्या गोष्टींच्या आधारावर हे जग उभे आहे, त्यातली एखादी विरली, उसवली, की हा सुईदोरा घेऊन हजर. रात्रीतून असे रफू करतो की सकाळी लोकांना वाटते, इथे काही फाटलेच नव्हते. ऐकायला ही कल्पना गमतीची वाटेल. पण आम्ही म्हणतो, हा व्यवसाय काल्पनिक नाही. या देशात तो शेकडो वर्षे चालू आहे आणि त्याला दक्षिणा, वतन, मानपान सगळे मिळत आले आहे.

विचार करा. प्रत्येक महारवाड्यावर रोज पहारा ठेवणे कोणत्या राजाला जमले असते? पहाऱ्याची गरजच पडली नाही, कारण ते काम गोष्टीने केले. मागच्या जन्मी पाप केले म्हणून या जन्मी हे भोग आले, ही गोष्ट माणसाच्या डोक्यात बसली की त्याला दोरखंडाने बांधावे लागत नाही. आणि जेव्हा जेव्हा कुणी या गोष्टीला प्रश्न विचारला, तेव्हा तेव्हा रफूगार धावून आले.

पहूरच्या तरुणाला याचे उदाहरण शोधायला लांब जायला नको. आपल्याकडे येणारी वाघूर नदी वरच्या अंगाला अजिंठ्याच्या लेण्यांखालून वाहत येते. तिथे भिंतीभिंतींवर जातककथा रंगवलेल्या आहेत. सोळाव्या लेण्यात वाकाटक राजा हरिषेणाचा मंत्री वराहदेव याचा दानलेख आहे. हे सगळे डोळ्यांसमोर असताना आपल्याला शाळेत काय शिकवले जाते? १८१९ साली जॉन स्मिथ या इंग्रज अधिकाऱ्याने लेण्यांचा 'शोध' लावला! ज्या डोंगरात पिढ्यान् पिढ्या लोक गुरे चारत होते, ती लेणी हरवली होती ती कुणासाठी? प्रश्न शोधाचा नाहीच. बुद्धाची एवढी मोठी वास्तू याच मातीत असताना तिची आठवण या मातीतून पुसली कशी गेली, हा प्रश्न आहे. आणि तोच विचारला जात नाही.

नाशिकला जा. तिथल्या डोंगरावरच्या लेण्यांत सातवाहनांचे आणि क्षत्रपांचे लेख आहेत. भिक्षूंच्या संघाला लेणी दान दिल्याचे त्यात स्पष्ट कोरले आहे, डोंगराचे त्रिरश्मी हे नावही आहे. लोकांच्या तोंडी मात्र ती 'पांडवलेणी'. जुन्नरजवळ लेण्याद्रीला बौद्ध विहारात गणपती बसला. आणि सर्वांत सफाईदार रफू म्हणजे खुद्द बुद्धाला विष्णूचा नववा अवतार करून टाकणे! ज्याने यज्ञ नाकारला, जन्मावरून ठरणारे श्रेष्ठत्व नाकारले, तोच त्यांच्या यादीत. धागा असा बेमालूम बसवला की फाटलेली जागा दिसू नये. म्हणूनच १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूरला दिलेल्या बावीस प्रतिज्ञांमध्ये बाबासाहेबांनी यासाठी एक स्वतंत्र प्रतिज्ञा ठेवली. बुद्ध हा विष्णूचा अवतार आहे हा खोटा प्रचार आहे, असे त्यांनी लाखो लोकांकडून वदवून घेतले. एवढ्या मोठ्या दिवशी त्यांना एका गोष्टीचे टाके उसवणे इतके महत्त्वाचे का वाटले, यावर प्रत्येकाने विचार करावा.

आपल्या बाजूनेही हे काम झाले आहे. १८७३ मध्ये जोतीराव फुल्यांनी 'गुलामगिरी' लिहून दशावताराची गोष्टच उलटी वाचली आणि बळीराजाला त्याची जागा परत दिली. सत्यशोधक जलसे आणि त्यानंतर भीमराव कर्डकांसारख्यांचे आंबेडकरी जलसे यांनी तमाशाचा साचा ठेवला. पण देवादिकांच्या कथेच्या जागी शिक्षण, पाणी आणि माणुसकी आणली. लोकांच्या ओळखीच्या चालीत नवी गोष्ट गेली म्हणून ती झोपडीपर्यंत पोहोचली.

पण त्यांच्या आणि आपल्या कामात एक मूलभूत फरक आहे, तो विसरला की सगळे मुसळ केरात. ते रफू करतात, आपण गोधडी शिवतो. रफूत टाका लपवावा लागतो. गोधडीत प्रत्येक ठिगळ आणि प्रत्येक टाका उघड दिसतो, कुणीही बोट ठेवून विचारू शकतो. १९४८ च्या 'द अनटचेबल्स' या ग्रंथाच्या प्रस्तावनेत बाबासाहेबांनी लपवाछपवी केलेली नाही. इतिहासाचे काही दुवे सापडत नाहीत, तिथे तर्काने सांधावे लागते, हे त्यांनी वाचकाला सरळ सांगितले. एवढा मोठा विद्वान आपला टाका उघडा ठेवतो आणि आपण काय करतो? मोबाईलवर आलेला मजकूर न वाचता पुढे ढकलतो!

भीमा कोरेगावचेच घ्या. १ जानेवारी १९२७ रोजी बाबासाहेब त्या स्तंभाला मानवंदना द्यायला गेले, ही आपली अभिमानाची गोष्ट आहे आणि राहील. स्तंभावर कोरलेल्या शहिदांच्या नावांत 'नाक'ने संपणारी वीसहून अधिक नावे आहेत. हा दगडावरचा पुरावा आहे. पण त्याच यादीत इतर समाजांचीही नावे आहेत. पाचशेच्या पायदळाबरोबर घोडदळ होते, तोफखाना होता. पेशव्यांचे सगळे सैन्य काही त्या गावात एकाच वेळी लढायला उतरले नव्हते. आपण 'फक्त पाचशे महार, समोर अठ्ठावीस हजार' एवढेच ओरडत राहिलो, तर विरोधक तेवढा एक सैल धागा पकडतो आणि अख्खी गोष्ट उसवून दाखवतो. ज्यांना पेशवाईत माणूस म्हणून जागा नव्हती ते त्या दिवशी हत्यार घेऊन उभे राहिले, पाय रोवून लढले आणि त्यांची नावे दगडावर कोरली गेली. याला आकडा फुगवण्याची गरज काय? खोट्या गोष्टीला खोट्या गोष्टीने उत्तर देणे म्हणजे रफूगाराचीच नोकरी धरणे.

मग करायचे काय? काम आपल्या वस्तीतच पडले आहे. धुळ्याजवळ लळिंगच्या पायथ्याशी लांडोर बंगल्यावर दर ३१ जुलैला लोक जमतात, कारण १९३७ साली कोर्टाच्या कामासाठी आलेले बाबासाहेब तिथे थांबले होते. तारीख, जागा, कारण, तिन्ही पक्के; म्हणून ही आठवण कुणाला पुसता आली नाही. आपल्या गावाबद्दल आपल्याकडे एवढे तरी आहे का? दादासाहेब गायकवाडांच्या नेतृत्वाखाली १९५९ साली भूमिहीनांचा सत्याग्रह झाला. आपला खानदेश त्यात होता. त्यात तुरुंगात गेलेल्यांपैकी आज कुणी असलेच तर ते नव्वदीच्या घरात आहेत. पहूर आणि आसपासच्या गावांतून कोण गेले, त्यांची नावे कुठे लिहिली आहेत? १९५८ च्या कायद्याने महार वतन संपले, मग त्या जमिनी पुढे कुणाच्या नावावर गेल्या? तलाठ्याकडचे फेरफार कुणी काढून पाहिले? हा नुसता इतिहास नाही. ज्याची गोष्ट हरवते त्याची जमीनही हरवते, आणि मग गायरानावर राहणारा माणूस स्वतःच्याच गावात 'अतिक्रमणवाला' ठरतो.

म्हणून आमचे आवाहन साधे आहे. दोन-दोन तरुणांनी एकेका म्हाताऱ्या माणसापाशी बसावे. मोबाईल पुढे पाठवायला वापरतो तो नोंदवायला वापरावा. सांगणाऱ्याचे नाव, तारीख, गाव लिहावे. जे त्याने पाहिले ते वेगळे, जे ऐकले ते वेगळे मांडावे. कागद मिळाला तर त्याची प्रत जोडावी, नसेल तर नाही असे लिहावे. पुढच्या जयंतीला डीजेच्या खर्चातून थोडे पैसे बाजूला काढून याचे एक छोटे पुस्तक करावे आणि बुद्धविहारात ठेवावे.

हे आपण आत्ता केले नाही, तर आपल्या वस्तीची गोष्टही उद्या दुसराच कुणी लिहील. आणि त्याचे टाके आपल्याला दिसणारसुद्धा नाहीत.

जयभीम!