खाण सुरू की बंद, एवढाच प्रश्न नाही

गोव्यातील लोहखनिजाच्या खाणींविषयी गेली अनेक वर्षे एकच वाद चालू आहे : खाण सुरू ठेवावी की बंद करावी? शाह आयोगाच्या अहवालानंतर सप्टेंबर २०१२ मध्ये उत्खनन थांबले. फेब्रुवारी २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ८८ खाणपट्ट्यांचे नूतनीकरण रद्द केले. पुढे लिलाव झाले आणि २०२४ मध्ये डिचोलीत उत्खननास पुन्हा प्रारंभ झाला. या साऱ्या गदारोळात खाण खोदली कशी जाते, हा मूळ प्रश्न मात्र मागे पडला.

गोव्यातील खाणी खुल्या पद्धतीच्या आहेत. झाडे तोडून, वरची माती व जांभा दगड काढून, पायऱ्या-पायऱ्यांनी डोंगर पोखरत खनिजापर्यंत जावे लागते. एक टन खनिजामागे साधारणतः अडीच ते तीन टन टाकाऊ माती निघते. तिचे ढिगारे पावसाळ्यात वाहू लागतात आणि तो गाळ ओढ्यांतून भातशेतीत व नद्यांत उतरतो.

दुसरी हानी डोळ्यांना दिसत नाही. जांभ्याचे डोंगर पावसाचे पाणी साठवितात व झऱ्यांवाटे ते सावकाश सोडतात. खाण भूजलाच्या पातळीखाली गेली की पंप लावून पाणी उपसावे लागते. परिणामी भोवतालच्या विहिरी आटतात. शेतकऱ्याच्या वाट्याला पावसाळ्यात चिखल आणि उन्हाळ्यात कोरडी विहीर येते.

हा धोका गोव्याच्या सीमेवर थांबत नाही. जुलै २०२१ मध्ये सिंधुदुर्गातील कळणे येथे खाणीचा बांध फुटला आणि साचलेले पाणी गाळासह गावात घुसले.

खाणी बंद पडल्यावर ट्रक आणि बार्जवर पोट असलेल्या कुटुंबांची परवड झाली, हेही तितकेच खरे. म्हणूनच सर्वोच्च न्यायालयाच्या एप्रिल २०१४ च्या निकालाचे महत्त्व मोठे आहे. त्याने सरसकट बंदी घातली नाही. उत्खननास वर्षाला २ कोटी टनांची अंतरिम मर्यादा घातली, खाणपट्ट्याबाहेर माती टाकण्यास मज्जाव केला आणि विक्रीमूल्याचा १० टक्के भाग पुढील पिढ्यांसाठी कायम निधीत ठेवण्यास सांगितले.

खनिज एकदाच काढता येते. शेती मात्र दरवर्षी पिकते. म्हणून ग्रामसभांनी विचारावे : खाण किती खोल जाणार? विहिरींची पातळी कोण मोजणार? पावसापूर्वी ढिगाऱ्यांचा बंदोबस्त झाला का? खड्डा शेवटी कोण बुजविणार? याची लेखी उत्तरे मिळाल्यावाचून दिलेली संमती ही आंधळी संमती ठरेल.