भरपाईचा पहिलाच आकडा

२०२२ साली देशातल्या रस्त्यांवर १ लाख ६८ हजारांहून अधिक माणसे मृत्युमुखी पडली. त्यांतली १५ हजारांहून अधिक महाराष्ट्रात. मृतांपैकी सुमारे दोनतृतीयांश १८ ते ४५ वयोगटातले, म्हणजे संसाराचा भार उचलण्याच्या वयातले होते. मागे राहिलेल्यांना मोटार वाहन कायदा ‘न्याय्य’ भरपाईचे वचन देतो. ते वचन हिशेबाच्या पहिल्याच आकड्यावर मोडते आहे. तो आकडा म्हणजे मृताचे मासिक उत्पन्न.

हिशेबाची रीत पक्की आहे. सर्वोच्च न्यायालयाने सरला वर्मा (२००९) आणि प्रणय सेठी (२०१७) या निकालांत ती घालून दिली. उत्पन्नात भावी वाढ मिळवायची, मृताचा स्वतःवरचा खर्च वजा करायचा आणि उरलेल्या वार्षिक रकमेला वयानुसार ठरलेल्या गुणकाने गुणायचे. उत्पन्नच चुकीचे धरले, तर पुढची प्रत्येक पायरी ती चूक वाढवत नेते.

तीस वर्षांचा गवंडी घ्या. घरी पत्नी, दोन मुले आणि आई. महिन्याची कमाई २० हजार. चाळिशीच्या आतल्या स्वयंरोजगाऱ्यासाठी ४० टक्के भावी वाढ, चार अवलंबितांमुळे एकचतुर्थांश वजावट आणि १७ चा गुणक धरल्यास मूळ भरपाई ४२ लाख ८४ हजार रुपये होते. पण कागद नाहीत म्हणून उत्पन्न ८ हजार धरले, तर हातात येतात १७ लाख १३ हजार ६००. महिन्याचे एक हजार कमी धरले की कुटुंबाचे २ लाख १४ हजार २०० रुपये बुडतात.

पगारदाराची विधवा फॉर्म १६ दाखवते. गवंड्याची, भाजीवालीची, रिक्षाचालकाची, ऊसतोड मजुराची माणसे काय दाखवणार? पुरावा नाही म्हणून किमान वेतन लावून मोकळे होणे, ही सोपी वाट आहे. वास्तविक, किमान वेतन हा एक आधार असू शकतो, एकमेव मापदंड नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये एका अवजड वाहनचालकाच्या प्रकरणात बजावले आहे. वकिलाची फी आणि तारखांचे हेलपाटे झेपत नाहीत म्हणून मिळेल त्या रकमेवर तडजोड करणाऱ्या कुटुंबाला हे सांगणार कोण?

गृहिणीच्या बाबतीत अन्याय आणखी खोल आहे. १९९४ साली कायद्याला जोडलेल्या परिशिष्टात न कमावणाऱ्या व्यक्तीचे उत्पन्न वर्षाला १५ हजार धरले होते. स्वयंपाक, पाणी, म्हाताऱ्यांची शुश्रूषा आणि शेतातले राबणे यांचे मोल इतकेच? सर्वोच्च न्यायालयाच्या २०२१ च्या कीर्ती निकालाने गृहिणीच्या श्रमाचे आर्थिक मोल मानले आणि त्यात भावी वाढही धरायला सांगितली. पण किती रक्कम धरायची, हे अजूनही त्या त्या मोटार अपघात दावे न्यायाधिकरणाच्या अंदाजावर सोडलेले आहे.

कायद्यातल्या ठोक रकमांचीही हीच गत. चूक कोणाची हे न पाहता मृत्यूसाठी ५ लाख आणि धडक देऊन वाहन पळून गेले तर २ लाख. दोन्ही तरतुदी एप्रिल २०२२ पासून लागू झाल्या, पण महागाईशी जोडल्या गेल्या नाहीत.

हे बदलण्यासाठी नव्या कायद्याची वाट पाहण्याची गरज नाही. २०२२ च्या केंद्रीय नियमांनुसार पोलिसांनी अपघाताचा सविस्तर अहवाल ९० दिवसांत न्यायाधिकरणाला द्यायचा असतो. मृताच्या कमाईचा पुरावा त्याच वेळी गोळा व्हावा: बँकेच्या नोंदी, यूपीआयचे व्यवहार, ठेकेदाराचा हजेरीपट, घरभाडे, कर्जाचे हप्ते, मुलांची शाळेची फी. राज्य सरकारने दरवर्षी व्यवसायनिहाय आणि गृहिणींसाठीही उत्पन्नाचे किमान आकडे जाहीर करावेत. त्याखाली जाणाऱ्या न्यायाधिकरणाने कारण लेखी द्यावे. प्रत्येक जिल्ह्यातील विधी सेवा प्राधिकरणाने मृताच्या कुटुंबाशी स्वतःहून संपर्क साधावा. मागितल्यापेक्षा अधिक भरपाई देण्याचा अधिकार न्यायाधिकरणांना आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने २००२ च्या नागप्पा निकालातच स्पष्ट केले होते. तो त्यांनी वापरावा.

उशीर झाला, तर त्याची किंमत मुलांच्या सुटलेल्या शाळेत आणि विकलेल्या जमिनीत मोजावी लागते. राज्य सरकारने आणि उच्च न्यायालयाने हा पहिला आकडा दुरुस्त करण्याचे काम याच वर्षी हाती घ्यायला हवे.