बेळगावचा मसूर बेळगावच्या ताटात राहिला पाहिजे

हिंडलगा, सुळगा, आंबेवाडी, उचगाव असो की शहापूर, वडगाव, येळ्ळूर, मसुराची आमटी किंवा उसळ माहीत नाही असे घर या पट्ट्यात सापडणार नाही. भाताची सुगी आटोपली की त्याच ओलीवर पेरायचा आणि उन्हाळा तापायच्या आत घरी आणायचा, असे हे पीक. तरीही मसुराच्या व्यापाराविषयी ना ग्रामसभेत चर्चा होते, ना बाजार समितीच्या बैठकीत. उसाच्या दरासाठी रस्ता अडतो, मसुराच्या दरासाठी निवेदनही जात नाही. माझे म्हणणे सरळ आहे: या भागात मसूर खाणाऱ्यांची कमतरता नाही. कमतरता आहे ती इथला माल इथल्या खाणाऱ्यापर्यंत त्याच्या ओळखीसह पोहोचवणाऱ्या व्यवस्थेची. ती व्यवस्था उभी करणे आपल्या हातात आहे. का आणि कशी, ते मुद्द्यांनी मांडतो.

1. हे पीक या जमिनीचेच आहे.

बेळगाव तालुक्यात पावसाळा दमदार असतो आणि काळी जमीन त्याची ओल धरून ठेवते. भात निघाल्यावर ऑक्टोबर-नोव्हेंबरात त्या ओलीवर मसूर, हरभरा, वाटाणा, मोहरी, जवस अशी पिके येतात. मसुराला पाणी द्यावे लागत नाही, तो थंडीवर आणि दवावर वाढतो. मुळांवरच्या गाठींतील जिवाणू हवेतला नत्र जमिनीत बसवतात, म्हणून पुढच्या भाताला जमीन कसदार मिळते. खताच्या पोत्यासाठी रांगेत उभे राहणाऱ्या शेतकऱ्याला याची किंमत सांगायला नको. आपला गावरान मसूर दाण्याने बारीक आणि रंगाने काळपट तपकिरी असतो. त्याची चव घराघरांत ओळखीची आहे, पण बाजारात त्या चवीचा वेगळा भाव निघत नाही.

2. खप वाढला आहे, फक्त खाण्याची जागा बदलली आहे.

पूर्वी मसूर म्हणजे घरचे साधे जेवण. पाहुण्याला तो वाढताना गृहिणीला संकोच वाटे. आता पुणे-बंगळूर महामार्गावर कराडपासून कोल्हापूर, निपाणी, संकेश्वर ओलांडून बेळगावपर्यंत ढाब्यांच्या पाटीवर 'अख्खा मसूर' ठळक अक्षरांत असतो. रोटीबरोबर मसूर खायला लोक गाडी थांबवतात. लग्नाच्या पंगतीत आणि शहरातल्या खाणावळीत त्याला मान मिळाला. आंबोली घाटातून सिंधुदुर्गाकडे आणि चोर्ला घाटातून गोव्याकडे बेळगावचा बाजार आजही रोज माल पाठवतो. हिंडलग्यातून जाणारा वेंगुर्ला रस्ता तर किनारा आणि घाटमाथा यांच्यातील व्यापाराचा जुना मार्ग आहे. म्हणजे गिऱ्हाईक दारावरून जात आहे.

3. पातेल्यातला मसूर मात्र अनेकदा परदेशी असतो.

भारतात मसूर साधारण 16 ते 18 लाख टन पिकतो आणि त्यातला मोठा वाटा मध्य प्रदेश व उत्तर प्रदेशाचा आहे. 2023-24 मध्ये देशाने 15 लाख टनांहून अधिक मसूर बाहेरून आणला, मुख्यतः कॅनडा आणि ऑस्ट्रेलियातून. म्हणजे त्या वर्षी जवळपास पिकला तेवढाच आयात झाला. सगळ्या कडधान्यांचा हिशेब केला तर 2024-25 मधील आयात 70 लाख टनांच्या पुढे गेली. बंदरात उतरलेला मसूर गिरणीत भरडला किंवा पॉलिश केला की दुकानातल्या उघड्या पोत्यात तो कुठला, हे कोणालाच सांगता येत नाही. शेजारच्या शिवारातला माल आणि समुद्रापलीकडचा माल एकाच मापाने, एकाच भावाने विकला जातो. यात नुकसान होते ते कमी उत्पादनाचा, पण अधिक चवीचा दाणा पिकवणाऱ्याचे.

4. भाव दिल्लीत ठरतो, आणि तो सतत हलतो.

2015 मध्ये तूरडाळ अनेक शहरांत किलोला 200 रुपयांवर गेली, तेव्हा शेतकऱ्यांना कडधान्ये पेरण्याचे आवाहन झाले. त्यांनी पेरली. उत्पादन वाढले आणि भाव कोसळले. डिसेंबर 2017 मध्ये हरभरा आणि मसूर यांच्यावर 30 टक्के आयात शुल्क लावले गेले. पुढे महागाई वाढताच जुलै 2021 मध्ये मसुरावरचे मूळ शुल्क शून्यावर आले आणि फेब्रुवारी 2022 मध्ये अधिभारही हटला. मार्च 2025 मध्ये पुन्हा 10 टक्के शुल्क आले. दरम्यान डिसेंबर 2023 पासून पिवळा वाटाणा शुल्काविना येत राहिला आणि त्याने हरभऱ्यापासून सगळ्याच डाळींचे भाव दाबले. पेरणी ऑक्टोबरात आणि काढणी फेब्रुवारी-मार्चमध्ये करणाऱ्या माणसाने या उलथापालथीत कशावर भरवसा ठेवायचा? शुल्काचे धोरण निदान एका हंगामापुरते तरी पेरणीपूर्वी जाहीर आणि स्थिर असले पाहिजे. ही मागणी आपल्या खासदारांनी संसदेत लावून धरावी.

5. हमीभाव कागदावर आहे, आपल्या खळ्यापर्यंत नाही.

2026-27 च्या रब्बी विपणन हंगामासाठी केंद्राने मसुराचा हमीभाव क्विंटलला 7,000 रुपये जाहीर केला. आधीच्या हंगामात तो 6,700 होता. 11 ऑक्टोबर 2025 रोजी 11,440 कोटी रुपयांचे कडधान्य आत्मनिर्भरता अभियान सुरू झाले. तूर, उडीद आणि मसूर या तिन्ही पिकांची नोंदणीकृत शेतकऱ्यांकडून चार वर्षे पूर्ण खरेदी नाफेड आणि एनसीसीएफ करतील, असे त्यात म्हटले आहे. मसुराचे नाव त्यात आहे, ही चांगली गोष्ट. पण सरकारी खरेदीची यंत्रणा जिथे माल गाडी भरून येतो तिथेच पाय रोवते. आपल्याकडे एकेकाचा मसूर पोते-दोन पोती असतो, तो या यंत्रणेच्या नजरेत येत नाही.

दुसरी अडचण कागदाची. हमीभावाच्या खरेदीसाठी कर्नाटकात 'फ्रूट्स' नोंदणीचा क्रमांक लागतो आणि पीक पाहणीत पीक नोंदलेले असावे लागते. भातानंतरचे दुबार पीक नोंदवायचे राहून गेले, तर सरकारच्या दृष्टीने त्या वावरात मसूर नव्हताच. त्यात अर्ज आणि सूचना कन्नडमध्ये, तर सीमाभागातले अनेक वयस्क शेतकरी मराठीतच वाचतात. त्यांना मराठीत माहितीपत्रक द्यावे, ही मागणी भाषेच्या अभिमानापुरती नाही. समजले नाही म्हणून हक्क बुडू नये, एवढाच तिचा अर्थ आहे.

6. सोयाबीन आणि रताळे यांच्याकडून शिकावे.

निपाणी-चिकोडी पट्ट्यात तंबाखूच्या जोडीने सोयाबीन पसरले. सोयाबीन आपल्या ताटात जवळजवळ नसते. तरी ते टिकले, कारण तेल गिरण्यांची मागणी आहे, रोजचा भाव कळतो आणि माल कुठे न्यायचा ते प्रत्येकाला ठाऊक आहे. हिंडलगा आणि पश्चिम भागातील गावांना याहून जवळचे उदाहरण रताळ्याचे आहे. बेळगाव आणि चंदगड तालुक्यांतील रताळी बेळगावच्या बाजार समितीत येतात आणि उपवासाच्या दिवसांत थेट उत्तर भारतापर्यंत जातात. राज्याची सीमा त्या व्यापाराला आडवी आली नाही. एका पिकाला स्वतंत्र सौदा मिळाला की खरेदीदार लांबून शोधत येतो. मसुराला तसा सौदा कधी मिळालाच नाही. तो किराणा पेठेत इतर धान्यांच्या गर्दीत विकला जातो, आणि सुगीत पैशाची नड असणारा शेतकरी अडत्या सांगेल तो भाव घेतो.

7. शिवारच उरले नाही तर मसूर कुठे पेरायचा?

बेळगावच्या दक्षिणेकडे बळ्ळारी नाल्याच्या काठची जमीन तालुक्यातील उत्तम काळ्या जमिनींपैकी आहे. नाला गाळाने आणि झुडपांनी तुंबतो, पावसाळ्यात पाणी भातात घुसते, भात उशिरा निघतो आणि मसुराची पेरणी लांबते. उशिरा पेरलेला मसूर नेमका फुलोऱ्यात आला की ढगाळ हवा आणि मावा गाठतो. याच पट्ट्यातून जाणाऱ्या हलगा-मच्छे बायपासविरुद्ध शेतकरी वर्षानुवर्षे न्यायालयात आणि बांधावर उभे राहिले, ते या जमिनीसाठीच. आपल्या बाजूला मार्कंडेय नदीच्या काठी पुराचा त्रास तोच, आणि हिंडलगा तर शहराला चिकटलेले. गेल्या काही दशकांत इथल्या वावरांवर वसाहती उभ्या राहिल्या. घरे लोकांना हवीतच, पण तिबार-दुबार पिकणारी जमीन आणि माळरान यांना भूखंडांच्या नकाशात एकच रंग देणे हा अन्याय आहे. नाला आणि नदीपात्रातील गाळ मे महिन्याच्या आत काढणे आणि दुबार जमीन बिगरशेती करताना ग्रामसभेचे मत विचारात घेणे, या दोन गोष्टी मसुरासाठी कोणत्याही अनुदानापेक्षा मोलाच्या आहेत.

8. प्रश्न पोषणाचाही आहे.

देशात 1961 मध्ये माणशी दररोज सुमारे 69 ग्रॅम कडधान्य उपलब्ध होते. 2010 च्या सुमारास हा आकडा 35 ग्रॅमच्या आसपास घसरला. नंतर तो थोडा सावरला, पण जुनी पातळी अजून दूर आहे. राष्ट्रीय पोषण संस्थेच्या 2024 च्या मार्गदर्शनानुसार 2,000 कॅलरींच्या आहारात डाळी, कडधान्ये किंवा अंडी-मांस यांचा वाटा 85 ग्रॅम असावा. मसुरात शंभर ग्रॅमला 24-25 ग्रॅम प्रथिने असतात, शिवाय लोह असते. तो भिजायला आणि शिजायला इतर कडधान्यांपेक्षा कमी वेळ घेतो, म्हणजे गॅसही वाचतो. शाळेतल्या दुपारच्या जेवणात, अंगणवाडीत आणि रेशनवर मात्र डाळ म्हटले की तूरच गृहीत धरली जाते. ऑक्टोबर 2025 मध्ये राज्य मंत्रिमंडळाने अन्नभाग्य योजनेतील 5 किलो जादा तांदळाऐवजी तूरडाळ, तेल, साखर, मीठ अशा वस्तूंचा संच देण्यास मान्यता दिली. कलबुर्गीकडच्या तूर उत्पादकांना त्याचा लाभ व्हावाच. पण ज्या तालुक्यात मसूर पिकतो आणि आवडीने खाल्ला जातो, तिथे आठवड्यातून एक दिवस मुलांना मसुराची उसळ देण्यात अडचण काय आहे?

9. एक आक्षेप रास्त आहे, त्याचे उत्तर दिले पाहिजे.

कोणी म्हणेल, आयातीमुळे गरिबाला डाळ परवडते, ती का अडवायची? हा प्रश्न खरा आहे. रोजंदारीवरच्या कुटुंबाला स्वस्त मसूर हवा, आणि देश जेवढा खातो तेवढे आज पिकवत नाही. म्हणून आयात बंद करा असे मी म्हणत नाही. मागणी एवढीच की कोणता माल कुठला हे गिऱ्हाइकाला कळावे. स्वस्त माल घेणारा स्वस्त घेईल, आणि गावरान चवीसाठी चार पैसे अधिक मोजायला तयार असलेल्याला खात्रीचा गावरान मसूर मिळेल. आज दोघांनाही एकाच पोत्यातून घ्यावे लागते.

दुसरा आक्षेप मजुरीचा. मसूर पहाटे, दव असतानाच उपटावा लागतो, नाहीतर शेंगा फुटून दाणा वावरात सांडतो. त्या वेळेला मजूर मिळत नाही. याला उत्तर सामूहिक मळणी यंत्राचे आहे, आणि ते प्राथमिक कृषी पत्तीन संघ सहज देऊ शकतात.

10. कोणी काय करावे.

बाजार समितीने फेब्रुवारी ते एप्रिल आठवड्यातून एक दिवस मसुराचा स्वतंत्र सौदा ठेवावा आणि गावरान व बाहेरच्या मालाचे भाव फलकावर वेगवेगळे लावावेत.

ग्रामपंचायतींनी डिसेंबरातच तलाठ्याला बरोबर घेऊन दुबार पिकांची नोंद पूर्ण करून घ्यावी, आणि खरेदीच्या अटी मराठीत चावडीवर लावाव्यात.

धारवाडच्या कृषी विज्ञान विद्यापीठाने आणि मत्तीकोपच्या कृषी विज्ञान केंद्राने इथला गावरान वाण गोळा करून त्याचे शुद्ध बियाणे तयार करावे. कलबुर्गीच्या तुरीला 2019 मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले. बेळगावच्या मसुरासाठीही तसा प्रस्ताव तयार होऊ शकतो, पण त्याआधी वाण जपलेला असला पाहिजे.

स्त्री शक्ती आणि संजीवनी योजनेतील महिला गटांनी मसूर निवडून, पाखडून, गावाच्या नावासह एक-एक किलोच्या पिशव्यांत भरावा. वेंगुर्ला रस्त्यावर रोज गोवा-कोकणाकडे जाणारी गाडी हेच त्यांचे पहिले दुकान.

ढाबे आणि खाणावळींच्या चालकांनी सुगीतच गावांकडून वर्षाचा मसूर थेट उचलावा. त्यांना एकसारखी चव मिळेल आणि शेतकऱ्याला सुगीतच रोख पैसा.

आणि आपण, रोज खाणारे. दुकानात मसूर घेताना "हा कुठला?" एवढे दर वेळी विचारा. दुकानदाराला उत्तर देता आले नाही, तर पुढच्या वेळी तो उत्तर घेऊनच येईल. गावात कोणी मसूर पेरला असेल, तर वर्षाचा साठा त्याच्याकडूनच भरा. सरकारी खरेदी येईल तेव्हा येईल. बेळगावच्या मसुराचे पहिले खरेदी केंद्र आपले स्वयंपाकघर आहे, आणि ते या सुगीपासूनच सुरू करता येते.