चौकशीविना बडतर्फी

सरकारी नोकराला काढून टाकणे या देशात अशक्य आहे, ही तक्रार उद्योगपतींच्या मेजवान्यांपासून मंत्रालयाच्या सहाव्या मजल्यापर्यंत सर्वत्र ऐकू येते. घटनेचा अनुच्छेद ३११ म्हणजे कामचुकारांचे चिलखत, असे या मंडळींचे लाडके मत आहे. ज्याने हा अनुच्छेद शेवटपर्यंत वाचला असेल त्याला या मताचे हसू यावे. चिलखत खरेच आहे. पण ते पाठीमागून उघडे आहे.

अनुच्छेद ३१० ने ब्रिटिश राजाच्या मर्जीचे तत्त्व स्वतंत्र भारतात चालू ठेवले. राष्ट्रपतींची वा राज्यपालांची मर्जी असेल तोवरच नोकर पदावर. या मर्जीला ३११ ने दोन लगाम घातले. नेमणूक करणाऱ्याहून कनिष्ठ अधिकाऱ्याने कोणालाही बडतर्फ करू नये. आणि आरोप कळवून, बाजू मांडण्याची वाजवी संधी देऊन चौकशी केल्याखेरीज बडतर्फी वा पदावनती होऊ नये. परंतु त्याच अनुच्छेदाच्या परंतुकात तीन चोरवाटा आहेत. फौजदारी न्यायालयाने शिक्षा दिली असेल तर चौकशी नको, ही पहिली वाट समजण्याजोगी आहे, कारण तेथे निदान खटला तरी चाललेला असतो. चौकशी 'वाजवीरीत्या व्यवहार्य नाही' असे अधिकाऱ्याचे मत झाले, ही दुसरी. राज्याच्या सुरक्षिततेसाठी चौकशी इष्ट नाही अशी राष्ट्रपतींची वा राज्यपालांची खात्री झाली, ही तिसरी. दुसऱ्या वाटेने जाताना कारण लिहून ठेवावे लागते; मात्र चौकशी व्यवहार्य होती की नव्हती याविषयी त्या अधिकाऱ्याचाच निर्णय अंतिम, असे पुढचा उपखंड सांगतो. वादीच जेथे न्यायाधीश असतो, तेथे कागदावरील कारणाची किंमत ती काय?

रेल्वेच्या १९६८ च्या शिस्त व अपील नियमांतील चौदावा नियम हे याच चोरवाटांचे रेल्वेतील रूप होय. मे १९७४ च्या संपानंतर हजारो रेल्वे कामगारांच्या नोकऱ्या गेल्या. १९७७ मध्ये जनता सरकार आले आणि रेल्वेमंत्री मधू दंडवते यांनी संपात काढलेल्या कामगारांना परत घेतले. हे श्रेय समाजवाद्यांचे आहे आणि ते अभिमानाने सांगावे. पण तेवढेच सांगून थांबणे प्रामाणिकपणाचे ठरणार नाही. आणीबाणीतील ४२ व्या घटनादुरुस्तीने, प्रस्तावित शिक्षेविरुद्ध म्हणणे मांडण्याची दुसरी संधी नोकराकडून काढून घेतली होती. १९७८ च्या ४४ व्या दुरुस्तीने आणीबाणीची अनेक पापे धुतली, हे मात्र तसेच राहिले. चोरवाटांनाही कोणी हात लावला नाही. माणसे परत आली, नियम जागेवरच राहिला. आणि १९८१ च्या इंजिन कर्मचाऱ्यांच्या संपात तोच नियम पुन्हा उपसण्यात आला.

तो वाद तुलसीराम पटेल खटल्यात सर्वोच्च न्यायालयापुढे गेला. ११ जुलै १९८५ रोजी घटनापीठाने बहुमताने या बडतर्फीच्या मार्गावर शिक्कामोर्तब केले. परंतुकाने नैसर्गिक न्याय स्पष्टपणे वगळला आहे, तेव्हा न्यायालय तो मागच्या दाराने आत आणू शकत नाही, हा त्याचा गाभा. बहुमताचा निकाल न्या. मदन यांनी लिहिला. गंमत अशी की १९८६ मध्ये याच न्यायमूर्तींनी एका केंद्रीय जलवाहतूक महामंडळाचा, तीन महिन्यांच्या नोटिशीवर कायम नोकराला घालवणारा नियम घटनाबाह्य ठरवला. महामंडळाला जी मनमानी शोभत नाही, ती खुद्द राज्यसंस्थेला शोभते काय? घटनेत लिहिली आहे म्हणून शोभते, एवढेच याचे उत्तर आहे; आणि म्हणूनच हा लढा न्यायालयाचा नसून संसदेचा आहे.

चौकशीमुळे भ्रष्ट अधिकारी वर्षानुवर्षे सुटतो, हा आक्षेप खोटा नाही. पण चौकशी रेंगाळते ती कोणामुळे? दोषारोपपत्र काढणारे खाते, चौकशी अधिकारी नेमणारे तेच, साक्षीदार त्याचेच, कागदपत्रे त्याच्याच कपाटात. या काळात निलंबित नोकर निर्वाह भत्त्यावर जगतो, आणि तोही वेळेवर मिळेल याची शाश्वती नाही. भत्ता न मिळाल्यामुळे दूरच्या चौकशीला हजर राहू न शकलेल्या मध्य प्रदेशातील एका कर्मचाऱ्याची बडतर्फी १९७३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने रद्द केली होती. उपाशी माणसाला वाजवी संधी नसते, हे अर्थशास्त्र न्यायालयाला कळले; खात्यांना अजून कळायचे आहे. अर्थात लाचखाऊ सभासदाला पाठीशी घालणाऱ्या कामगार संघटनांनीही या आक्षेपाला पुष्कळ बळ दिले आहे. चौकशीचा आग्रह म्हणजे निर्दोष सुटकेचा आग्रह नव्हे, हे आपल्याच व्यासपीठावरून कितीदा सांगितले गेले?

तिसरी वाट आज सर्वाधिक वापरात आहे ती जम्मू-काश्मीरमध्ये. २०२१ पासून तेथील अनेक कर्मचाऱ्यांना सुरक्षिततेच्या नावाखाली चौकशीविना बडतर्फ करण्यात आले. त्यांतील कोणी खरोखर दोषी असेलही. पण पुरावा उघड करणे धोक्याचे असेल तर निवृत्त न्यायाधीशापुढे बंद दाराआड तो ठेवता येतो. मुळीच कोणापुढे न ठेवणे ही सुरक्षितता नव्हे, सोय आहे.

महाराष्ट्रात तर अनेकांना हे फाटके चिलखतही नाही. एस.टी.चा वाहक महामंडळाचा नोकर, म्हणून त्याला ३११ लागू नाही. २०२१-२२ च्या संपात बडतर्फ झालेल्यांना कामावर परतण्याची वाट उच्च न्यायालयाच्या आदेशानंतर खुली झाली. शाळांत, रुग्णालयांत, नगरपालिकांत कंत्राटावर राबणाऱ्याला बडतर्फ करण्याचीही गरज पडत नाही. त्याचे कंत्राट फक्त पुढे वाढवले जात नाही. पक्षाने मागणी करायची तर दुसरी वाट बंद करण्याची, तिसरीवर न्यायिक छाननीची आणि या कंत्राटी माणसालाही लेखी आरोप व सुनावणी मिळण्याची, अशा तिन्ही एकत्रच केल्या पाहिजेत. पहिल्या दोन मागण्यांसाठी मोर्चे निघतात. तिसरीसाठी अजून कायम कर्मचाऱ्यांच्या संघटनाही पुरेशा संख्येने रस्त्यावर आलेल्या नाहीत.