काळोख कुणाला बोचतो?

‘कॉमिक्स म्हणजे पोराटोरांचा खाऊ’ म्हणणारे पांढरपेशे, आणि ‘एवढा काळोख कशाला, जरा आशेचं लिहा’ असा सल्ला देणारे साहित्यातले शहाणे. दोघांची तोंडं एकदम बंद करणारा माणूस जपानात होऊन गेला. सानपेई शिरातो. जन्म १९३२, मृत्यू २०२१.

बाप तोकी ओकामोतो, कष्टकऱ्यांच्या बाजूचा चित्रकार. पोलिसांनी त्याचे हाल हाल केले. पोरगं रस्त्यावर चित्रं दाखवून गोष्टी सांगणाऱ्यांसाठी चित्रं रंगवू लागलं, मग भाड्यानं पुस्तकं देणाऱ्या दुकानांसाठी कॉमिक्स काढू लागलं. ही दुकानं म्हणजे गरिबांची लायब्ररी. असल्या पुस्तकांविरुद्ध सभ्य पालकांनी बोंब ठोकली होतीच. गड्याने तिथेच १९५९ ते १९६२ ‘निंजा बुगेइचो’ काढलं. शेतकऱ्यांचे उठाव, छाटलेली मुंडकी, सगळं उघडंनागडं.

१९६४ साली कात्सुइची नागाईने ‘गारो’ मासिक काढलं, ते शिरातोच्या ‘कामुइ-देन’साठीच. नावही शिरातोच्याच एका निंजाचं. सात वर्षं, १९७१ पर्यंत, ती कथा चालली. विद्यार्थ्यांनी ती डोक्यावर घेतली.

कामुइ कोण? हिनिन. या शब्दाचा अर्थच ‘माणूस नसलेला’. कथा पुरती सुरू होते न होते तोच त्याचं मुंडकं उडतं. मग त्याचा जुळा भाऊ उभा राहतो. शेतकरी उठतात, चिरडले जातात. त्यांच्या म्होरक्याची, शोसुकेची, जीभ कापून त्याला परत सोडतात. बोलता येत नाही, म्हणून त्याचीच माणसं त्याला फितूर समजतात.

आता सांगा, हा काळोख शिरातोने आणला कुठून? जपानात अस्पृश्यता कायद्याने मोडली १८७१ साली. आणि १९७५ साली उघड झालं की कंपन्या बुराकू वस्त्यांच्या पत्त्यांच्या याद्या चोरून विकत घेतायत, अर्जदार ‘तिथला’ तर नाही ना हे बघायला. शंभर वर्षं उलटली आणि नोकरीचा कारभार पत्त्यावरून चालतो! याला नैराश्य म्हणायचं? ही तर बातमी झाली.

म्हणून शिरातोची आरती करायची असं नाही. त्याच्या कथेत हिनिन कामुइ पळतोय, लपतोय, आणि बंडाची दोरी मात्र शेतकऱ्याच्या हातात. अस्पृश्याने जीव द्यायचा आणि इतिहास दुसऱ्याने घडवायचा, ही वाटणी आपल्याला पाठ आहे. आणि १९२२ सालीच बुराकूंनी स्वतःची संघटना, सुइहेइशा, उभी केली होती. त्यांनी कुणा शेतकरी पुढाऱ्याची वाट पाहिली नव्हती.

त्याच काळात, १९६५ पासून, तो बड्या साप्ताहिकातही कामुइच्या गोष्टी देत होता. द्या की! स्वतंत्र असणं म्हणजे उपाशी मरणं नव्हे. गोष्टीचा शेवट कोण ठरवतो, सवाल एवढाच. ‘गारो’त शेवट शिरातो ठरवत होता, म्हणून तिथे जीभ कापली गेली आणि ती कुणी गोड करून परत जोडली नाही.

दोस्ता, तुझ्या वस्तीच्या गोष्टीत उजेड घाल म्हणून कुणी सांगायला आला, तर त्याला आधी एकच विचार : दिवा कुणी विझवला?